दिमित्रीचं नाव घेते

थेसालोनिकीत माझ्या लेकीच्या घराच्या वरच्या मजल्यावर माझ्या विहीणबाई राहतात. संध्याकाळी त्या गॅलरीत येतात, वासिलिकोच्या कुंडीला पाणी घालतात (ही आपल्या तुळशीची सख्खी चुलत बहीण, वासही तसाच), कठड्यावरून वाकतात आणि खाली खेळणाऱ्या नातवाला हाक मारतात. ‘दिमित्री!’ की खाली दोनतीन माना एकदम वर होतात. कुणी शेजारचे काका, कुणी स्कूटर पुसणारा कॉलेजातला मुलगा. ग्रीसमध्ये हे नाव इतकं घरोघरचं आहे. ज्याच्यासाठी हाक असते तो मात्र ढिम्म हलत नाही. मग दुसरी हाक येते, मधल्या ‘मी’वर जोर देऊन लांबवलेली. तेव्हा कुठे तो धावत सुटतो.

मी ती हाक पहिल्यांदा ऐकली तेव्हा चहाचा कप हातात तसाच राहिला होता. कारण दिमित्रिस हे विहीणबाईंच्या यजमानांचं नाव. नातू जन्मायच्या आधी काही महिने ते गेले. आणि आता ही बाई दिवसातून पन्नास वेळा, मोठ्यांदा, चारचौघांत, आपल्या नवऱ्याचं नाव घेते. जेवायला ये दिमित्री, बूट काढ दिमित्री, माझा सोन्या दिमित्री.

माझ्या आजीला हे साधलं नाही.

आमचं घर जुन्या नाशकातलं. माझ्या आजोबांचं नाव दत्तात्रय. माझ्या भावाला तेच नाव ठेवलं, बारशाला आत्यानं त्याच्या कानात कुर्रर्र करून तेच सांगितलं. घरात सगळे त्याला दत्ता म्हणायचे. आजी मात्र ‘मोठ्या’ म्हणायची. नवऱ्याचं नाव तोंडाने घ्यायचं नाही, त्यानं आयुष्य कमी होतं, असं तिला तिच्या आईनं सांगितलेलं. ते तिनं इतकं पाळलं की दत्तजयंतीलासुद्धा ती ‘दत्त’ म्हणत नसे. ‘औदुंबराखालच्यांचा दिवस आहे आज,’ म्हणायची, आणि आम्ही पोरं हसायचो. नाव घ्यायची मुभा एकच, उखाण्यात. तिचा उखाणा मला अजून पाठ आहे. ‘गंगेत दिवा सोडते कार्तिकाच्या राती, दत्तात्रयरावांचं नाव घेते, कुंकू राहो माथी.’ मी अगदी लहान असताना शेजारच्या लग्नात तिनं तो घेतला आणि घेताना ती नव्या नवरीसारखी लाजली. मग आजोबा गेले. हळदीकुंकवाची बोलावणी थांबली, उखाणे थांबले. नाव घ्यायला जो एवढासा दरवाजा होता तोही बंद झाला. त्यानंतर आजी एकवीस वर्षं जगली. त्या एकवीस वर्षांत तिच्या तोंडून मी ते नाव एकदाही ऐकलं नाही, आणि ते नाव असलेला तिचा नातू तिच्या डोळ्यांसमोर वाढत होता.

हे सगळं मला एकदम आठवलं ते त्या गॅलरीखाली. तेव्हापासून ‘दिमित्रिस’ या नावाच्या मागे लागले आहे. नातवाचं नाव म्हणून तर खरंच, पण आजीसाठीही.

बाळ झालं तेव्हा मी लेकीला फोनवर विचारलं होतं, ‘नाव काय ठेवताय?’ ती म्हणाली, ‘आई, नाव सगळ्यांना ठाऊक आहे, पण अजून कुणी म्हणत नाही.’ मला वाटलं काही वाद आहे. वाद नव्हता, रीत होती. तिकडे पहिल्या मुलाला बापाच्या वडलांचं नाव द्यायचं, दुसऱ्याला आईच्या वडलांचं. त्यामुळे नाव काय असणार हे पोटात असतानाच ठरलेलं. पण बाप्तिस्मा होईपर्यंत जुन्या वळणाच्या घरांत त्या नावाने हाक मारत नाहीत. तोवर मुलगा नुसता ‘बेबिस’, म्हणजे बाळ. आमचा बेबिस दहा महिन्यांचा होईपर्यंत बेबिसच होता. जावयानं नंतर सांगितलं की वडील गेल्यापासून त्याच्या आईने ते नाव उच्चारलं नव्हतं. ‘ते’, ‘तुझे बाबा’, ‘घरचे’, असं काहीबाही म्हणून ती वेळ मारून न्यायची. म्हणजे दु:खाने का होईना, काही महिने तीही माझ्या आजीसारखीच राहिली होती.

बाप्तिस्म्याला मी गेले. धर्मपित्यानं, त्याला ते ‘नोनोस’ म्हणतात, बाळाला अंगभर ऑलिव्हचं तेल लावलं. गुरुजींनी पितळी घंगाळासारख्या मोठ्या भांड्यात त्याला तीनदा बुडवलं आणि नाव उच्चारलं. दिमित्रिओस. बाळानं भोकाड पसरलं होतं, त्यात ते नाव जेमतेम ऐकू आलं. पूर्वी म्हणे आई देवळाच्या आत नसायची, घरीच थांबायची, आणि गावातली पोरं नाव ऐकताक्षणी पळत जाऊन तिला सांगायची. जो आधी पोचेल त्याला पैसे. माझी लेक आत, माझ्या शेजारीच उभी होती. विहीणबाई पलीकडे. नाव ऐकल्यावर त्यांनी डोळे मिटले, ओठ हलले, आवाज नाही आला. आवाज आला तो बाहेर अंगणात. नवे पांढरे कपडे घातलेलं, केस अजून तेलाने चिकटलेलं ते बाळ त्यांच्या हातात दिलं तेव्हा त्या म्हणाल्या, ‘दिमित्री मू.’ माझ्या दिमित्री. आणि मग थांबेनातच.

लोक येऊन आम्हाला म्हणत होते, ‘ना सास झीसी.’ जगो तुमचा. आपण औक्षवंत हो म्हणतो तसं, फक्त ते आशीर्वाद बाळाला न देता बाळाच्या माणसांना देतात. मला फार आवडलं ते.

अजून एक शब्द मला त्याच दिवशी मिळाला. विहीणबाईंनी मला पाहुण्यांपुढे नेलं आणि म्हणाल्या, ‘ही माझी सिम्बेथेरा.’ मी लेकीला विचारलं, याचा अर्थ काय? ती म्हणाली, ‘आई, विहीण!’ मुलाची आई आणि मुलीची आई यांच्या नात्याला इंग्रजीत शब्द नाही, हे मी किती वेळा किती जणांना समजावून थकले होते. इथे तो तयार होता. माझी अर्धी परदेशी भीती त्या एका शब्दाने गेली. दुसरी अर्धी गेली ती एका छापील अर्जामुळे. तिकडच्या सरकारी कागदावर मुलाचं नाव, आडनाव आणि मध्ये वडलांचं नाव अशी जागा असते. आपल्यासारखंच, बापाचं नाव घेतल्याशिवाय माणूस पुरा होत नाही.

नाव कागदावर दिमित्रिओस, बोलण्यात दिमित्रिस, आणि हाक मारताना शेवटचा ‘स’ गळून दिमित्री. आपण रामाला हाक मारतो तेव्हा शब्द एका कान्याएवढा वाढतो, त्यांचा शब्द हाकेत कमी होतो. सुरुवातीचा ‘द’ आपल्या ‘द’च्या जवळचा आहे, फक्त जीभ दातांना पुरती टेकत नाही, थोडी हवा निसटू देते. म्हणून मला कुणी ‘डिमिट्री कसा आहे’ विचारलं की मी लगेच दुरुस्त करते. तो ‘ड’ इंग्रजीने मधे घातलेला आहे, मराठी तोंडाला त्याची गरजच नाही. आणि लाडाची नावं तर विचारू नका. मित्सोस, मिमिस, मित्रोस, दिमित्राकिस. अमेरिकेत गेलेले दिमित्रिस तिकडे जिम झाले आणि परत येताना ‘जिमिस’ होऊन आले. आडनावांतही हेच. दिमित्रिऊ, दिमित्रोपुलोस, दिमित्रियादिस, आणि पूर्वज पाद्री असेल तर पापादिमित्रिऊ. उत्तरेकडे रशियात गेलं तेव्हा द्मित्री झालं. शाळेत मूलद्रव्यांची आवर्तसारणी शिकताना आपण ज्या मेंदेलीवचं नाव पाठ केलं तोही हाच.

अर्थ मात्र एकाच गोष्टीपाशी जातो. दिमित्रिओस म्हणजे देमेतेरचा. देमेतेर ही धान्याची देवी, गव्हाची, जवाची, नांगरलेल्या जमिनीची. तिच्या नावातला उत्तरार्ध ‘मेतेर’ म्हणजे आई. आपली माता आणि ती मेतेर एकाच मुळावरच्या. पूर्वार्धाबद्दल भाषेच्या अभ्यासकांचं एकमत नाही, कुणी भूमी म्हणतं, कुणी जव. मला ‘आई’ एवढं पुरे आहे. पोराच्या नावात आई आहे.

तिची गोष्ट आपल्या पोथीत सहज शोभावी अशी आहे. तिच्या एकुलत्या लेकीला, पेर्सेफोनीला, फुलं वेचताना पाताळाचा राजा पळवून नेतो. आई हातात मशाली घेऊन नऊ दिवस अन्नपाण्यावाचून पृथ्वी धुंडाळते. मग म्हातारीचं रूप घेऊन एलेउसिस गावात एका विहिरीपाशी येऊन बसते. राजाच्या मुली पाण्याला येतात, तिला घरी नेतात, लहान भाऊ सांभाळायला देतात. दिलेला मद्याचा पेला ती नाकारते आणि जवाचं पाणी मागून घेते. पण लेक सापडेना म्हटल्यावर ती रुसते, आणि जमिनीत पेरलेलं काही उगवेनासं होतं. माणसं मरू लागतात, देवांना नैवेद्य मिळेनासा होतो, तेव्हा कुठे देव जागे होतात. लेक परत येते, पण पाताळात तिने डाळिंबाचा एक दाणा खाल्लेला असतो. त्यामुळे वर्षाचा एक भाग तिला खालीच काढावा लागतो. ती वर आली की शेतं हिरवी.

लेक परदेशी दिलेली कुठलीही आई ही गोष्ट कोरड्या डोळ्यांनी ऐकू शकत नाही. लेक वर्षातून एकदा येते, चार आठवडे राहते, आणि मग घर पुन्हा शांत होतं. मला डाळिंबाचा अर्थ सांगायला कुणी लागत नाही.

अथेन्सपासून वीसेक किलोमीटरवर ते एलेउसिस आहे, आता एलेफसीना म्हणतात. आजूबाजूला तेलशुद्धीकरणाचे कारखाने. लेकीबरोबर मी तिथे गेले होते. दाराजवळच जुनी, गोल बांधीव विहीर आहे. कठडा झिजलेला, आत गवत. हजार वर्षांहून जास्त काळ लोक तिथे येऊन देमेतेरच्या गुप्त विधींची दीक्षा घेत, आणि आत काय पाहिलं ते बाहेर कुणी सांगत नसे. चौथ्या शतकाच्या शेवटी ख्रिस्ती सम्राटाने ते विधी बंद केले, देऊळ पडलं. पण देवी गेली नाही. गावाजवळ खळ्याच्या उकिरड्यात एक मोडका संगमरवरी पुतळा अर्धा पुरलेला होता, डोक्यावर टोपली घेतलेली बाई. गावकरी तिला ‘संत दिमित्रा’ म्हणत, तिला फुलं वाहत. ती आहे म्हणून पीक येतं, असं मानत. चर्चच्या कुठल्याही यादीत अशी संत नाही. १८०१ साली एडवर्ड क्लार्क नावाच्या इंग्रज प्रवाशाने तुर्की अधिकाऱ्याकडून परवानगी मिळवून ती उचलली. लोकांनी खूप विरोध केला. आता ती केंब्रिजच्या फिट्झविल्यम संग्रहालयात उभी आहे, तिची जोडीदारीण एलेफसीनातच राहिली. ज्या जहाजातून तिला नेलं ते इंग्लंडच्या किनाऱ्याजवळ फुटलं होतं, हे वाचून मला बरं वाटलं होतं, खोटं कशाला बोलू. शेंदूर फासलेला दगड कुणी गावातून उचलून नेला तर गावाला काय वाटेल, ते आपल्याला कुणी समजावून सांगावं लागत नाही.

पण हे पुस्तकातलं झालं. देमेतेर मला खरी भेटली ती विहीणबाईंच्या स्वयंपाकघरात.

नातू पाच वर्षांचा असताना मी ऑक्टोबरात तिकडे होते. व्याह्यांची आठवण म्हणून देवळात प्रार्थना ठेवली होती आणि त्यासाठी ‘कोलिवा’ करायचा होता. कोलिवा म्हणजे उकडलेले गहू. आदल्या दिवशी विहीणबाईंनी दीडेक किलो गहू उकडले, दाणा फुलला पण फुटला नाही इतपतच. मग जेवणाच्या टेबलावर पांढरी चादर अंथरून त्यावर ते पसरले. रात्रभर वाळत ठेवायचे. मी मदतीला होते. दोघींना एकमेकींची भाषा येत नाही, पण गहू पसरायला भाषा लागत नाही. कुरडयांसाठी गहू भिजवताना, खपलीची खीर करताना जो वास येतो, तोच ओलसर, किंचित आंबूस-गोड वास घरभर होता. सकाळी त्यात भाजलेलं पीठ, बदाम, बेदाणे, दालचिनी, आणि डाळिंबाचे दाणे. डाळिंब मी सोलत होते. मग सगळं ताटात घुमटासारखं रचून वर पिठीसाखरेचा जाड थर दिला, कागदाने दाबून तो आरशासारखा गुळगुळीत केला. शेवटी त्यांनी चष्मा लावला आणि चांदीच्या वर्खाच्या गोळ्या एकेक करून चिमटीने ठेवल्या. मधे क्रूस. आणि खाली एक त्रिकोण.

नातू खुर्चीवर चढून बघत होता. तो म्हणाला, ‘याया, हे तर माझं अक्षर आहे!’ ग्रीक ‘द’, म्हणजे डेल्टा, त्रिकोणासारखा. बालवाडीत त्याच्या दप्तराच्या खणावर तोच त्रिकोण चिकटवला होता. विहीणबाईंनी त्याच्याकडे पाहिलं, एक चांदीची गोळी त्याच्या तोंडात टाकली आणि म्हणाल्या, ‘हो, तुझंच. आधी पापूंचं होतं.’ याया म्हणजे आजी, पापू म्हणजे आजोबा.

प्लुटार्क या प्राचीन ग्रीक लेखकाने लिहून ठेवलंय की फार पूर्वी अथेन्समध्ये गेलेल्या माणसांना ‘देमेत्रिओई’ म्हणत. देमेतेरची माणसं. गहू जसा मातीत जातो तशी तिच्याकडे गेलेली. मला हे ठाऊक होतं, पण त्या टेबलापाशी मी कुणाला सांगितलं नाही. तिथे गहू होते, डाळिंब होतं, गेलेला एक दिमित्रिस होता आणि साखर चाटणारा दुसरा.

ग्रीक माणसाला विचारलं तर तो देमेतेरपाशी जाणार नाही, तो संत दिमित्रिओसचं नाव सांगेल. थेसालोनिकी त्याचं गाव. रोमन सम्राटाच्या काळात, चौथ्या शतकाच्या सुरुवातीला, ख्रिस्ती धर्म सोडला नाही म्हणून त्याला भाल्यांनी मारलं अशी श्रद्धा आहे. जिथे मारलं त्या रोमन स्नानगृहावरच त्याचं देऊळ उभं आहे. चित्रांत सेंट जॉर्ज पांढऱ्या घोड्यावर असतो आणि दिमित्रिओस तांबड्या. पोरं यावरूनच दोघांना ओळखतात. देवळाने बरंच सोसलंय. १४९३ पासून १९१२ पर्यंत ते मशीद होतं. १९१७ च्या प्रचंड आगीत जळालं, पुन्हा बांधून १९४९ मध्ये उघडलं. आगीतून वाचलेल्या थोड्या जुन्या मोझेइकांत एक आहे, दिमित्रिओस उभा आणि त्याच्या दोन बाजूंना दोन लहान मुलं. सातव्या शतकातलं. मी त्याच्यासमोर बराच वेळ उभी होते. बारीक काचेच्या तुकड्यांतून आलेले त्याचे डोळे मोठे आणि थोडे थकलेले आहेत, रात्री पोरांना झोपवून बसलेल्या बापासारखे.

त्याचा दिवस २६ ऑक्टोबर. १९१२ साली, त्यांच्या तेव्हाच्या कॅलेंडरप्रमाणे नेमक्या याच दिवशी, तुर्की सेनापतीने थेसालोनिकी ग्रीक सैन्याच्या स्वाधीन केलं. म्हणून गावाला दुहेरी सण. पण माझ्या मनात भरलं ते त्याआधीचं, मेंढपाळांचं. उत्तर ग्रीसमधले साराकात्सानी आणि व्लाख मेंढपाळ २३ एप्रिलला, सेंट जॉर्जच्या दिवशी, कळप घेऊन डोंगरावर चढत, आणि दिमित्रिओसच्या दिवशी सपाटीला उतरत. गड्यांचे करार याच दोन दिवसांना होत आणि संपत. तुर्की अमलातसुद्धा वर्षाचे हेच दोन भाग होते. दसरा-दिवाळीच्या सुमारास आपले देशावरचे धनगर घाट उतरून कोकणात जातात, तीच वेळ. नवी वाइन तेव्हा उघडतात. थंडी पडायच्या आधी चार ऊबदार दिवस येतात, त्यांना ‘संत दिमित्रीचा छोटा उन्हाळा’ म्हणतात. आपली ऑक्टोबर हीट आपण शिव्या देऊन सोसतो. त्यांनी तिला संताचं नाव दिलं. शेवंतीलाही तिकडे त्याचंच नाव, कारण ती तेव्हा फुलते.

त्या दिवशी सगळ्या दिमित्रींचा सण. वाढदिवसापेक्षा मोठा. बोलवायचं नाही, लोक आपणहून येतात, आणि ज्याचं नाव त्यानेच खाऊ घालायचं. ‘ख्रोनिया पोला’ म्हणायचं, पुष्कळ वर्षं लाभोत. मी गेले त्या वर्षी दुपारपासून रात्रीपर्यंत चाळीसेक माणसं आली असतील. अर्धी छोट्यासाठी, अर्धी मोठ्यासाठी. मोठा भिंतीवर फोटोत होता. आलेला प्रत्येक जण आधी फोटोकडे बघायचा, मग पोराचे गाल ओढायचा. पोर मिठाईचं ताट घेऊन सगळ्यांपुढे फिरत होतं.

इतिहासातल्या राजेमहाराजे दिमित्रींत मला फारसा रस नाही. त्यातला एक, इसवी सनापूर्वी ३०५ साली रोड्स बेटाला वेढा घालून वर्षभर बसला आणि हात हलवत परत गेला. त्यानं टाकलेल्या युद्धयंत्रांच्या पैशातून रोड्सच्या लोकांनी सूर्यदेवाचा तो जगप्रसिद्ध पुतळा उभारला. बॅक्ट्रियाचा, म्हणजे आजच्या उत्तर अफगाणिस्तानाकडचा, दुसरा, नाण्यांवर हत्तीचं मस्तक शिरस्त्राणासारखं घातलेला, इसवी सनापूर्वी २०० च्या आसपास हिंदुकुश ओलांडून आपल्याकडे आला. याच्याकडे मी परत येणार आहे.

पण आधी एक असा दिमित्रिओस, ज्याच्याबद्दल मला आधीच कळायला हवं होतं. दिमित्रिओस गालानोस. अथेन्सचा, जन्म १७६० चा. कलकत्त्यात तेव्हा ग्रीक व्यापाऱ्यांची वस्ती होती, त्यांच्या मुलांना शिकवायला तो १७८६ मध्ये आला. काही वर्षांनी तो काशीला गेला आणि चाळीसेक वर्षं, मरेपर्यंत, तिथेच राहिला. पंडितांकडे संस्कृत शिकला. भर्तृहरी, चाणक्याची नीतिवचनं, रघुवंश, सप्तशती आणि भगवद्गीता हे सगळं त्यानं ग्रीकमध्ये नेलं. १८३३ मध्ये तो काशीतच वारला. कागदपत्रं अथेन्सला पोचली आणि त्याच्यामागे, १८४५ पासून, एकेक अनुवाद छापून आला. म्हणजे माझ्या नातवाच्या नावाचा एक माणूस काशीच्या घाटाशेजारी बसून ‘क्षेत्र’ला आपल्या भाषेत काय म्हणावं, याचा विचार करत होता. मी हे जावयाला सांगितलं तर त्यालाही ठाऊक नव्हतं. आता त्याला ठाऊक आहे. विहीणबाईंनाही.

आता नाशिक.

पांडवलेण्याचा डोंगर मी लहानपणापासून बघत आले. मुंबईकडे जाताना डाव्या हाताला. शाळेच्या सहली तिथेच, डबे तिथेच. लेणी बौद्ध आहेत, पांडवांची नाहीत, आणि गौतमीपुत्राच्या आईचा मोठा लेख तिथे आहे, एवढं शाळेत शिकवलं होतं. सतरा नंबरच्या लेण्याबद्दल कुणी काही सांगितलं नव्हतं, आणि मीही विचारलं नव्हतं. ते मला सापडलं ते दिमित्री या नावाचा माग काढताना.

त्या लेण्यात ब्राह्मी लिपीत, प्राकृतात एक लेख आहे. लेणं कुणी खोदवलं ते त्यात सांगितलंय. ‘ओतराहस दातामितियकस योणकस धंमदेवपुतस इद्राग्निदतस.’ उत्तरेकडचा, दातामितीचा राहणारा, यवन, म्हणजे ग्रीक, धर्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त. त्याने तिरण्हु डोंगरात हे लेणं खोदवलं, आत चैत्यगृह आणि पाण्याची टाकी करवली. कशासाठी, तर ‘मातापितरो उदिस’. आईवडलांसाठी. आणि मुलगा धर्मरक्षित याच्यासह भिक्षुसंघाला दिलं. दोन हजार वर्षांपूर्वीच्या सुमाराचा हा दगड. लेखात शब्द आहे ‘लेण’. आपण अजून तोच म्हणतो.

दातामिती म्हणजे दत्तामित्री, एका गावाचं नाव. कुणी ते कंदाहारच्या बाजूला, अराकोशियात मानतात, कुणी सिंधूच्या खालच्या खोऱ्यात. पण नाव कशावरून पडलं याबद्दल बहुतेक अभ्यासक एकच सांगतात. तो हत्तीच्या शिरस्त्राणाचा राजा, देमेत्रिओस. त्याच्या नावावरून गावाचं नाव देमेत्रियास, आणि इथल्या तोंडी त्याचं झालं दत्तामित्री. देमेत्रिओसचा दत्तमित्र. कुणी मुद्दाम भाषांतर केलेलं नाही. परका शब्द आला, जिभेनं तो घोळवला, त्यात ओळखीचे दोन शब्द ऐकले, दत्त आणि मित्र, आणि ठेवून घेतला.

मी हे वाचलं तेव्हा रात्रीचे अकरा वाजले होते. मी उठून देवघरातल्या दत्ताच्या तसबिरीपुढे जाऊन उभी राहिले. व्युत्पत्तीनं तो दत्त आणि हा ‘देमे’ यांचा काही संबंध नाही, हे मला नीट कळतं. एक संस्कृत ‘दिलेला’, दुसरी ग्रीक धान्यमाता. पण कुणा उत्तरेकडच्या माणसाच्या तोंडी हे दोन आवाज एकदा एक झाले होते, आणि तो आवाज माझ्या गावच्या डोंगरात कोरलेला होता. माझ्या आजोबांच्या नावातला ‘दत्त’ आणि माझ्या नातवाचं नाव. मी लेकीला फोन लावला. तिकडे साडेसात. ती म्हणाली, ‘आई, तू रडतेयस का?’

गेल्या डिसेंबरात शाळेला नाताळची सुट्टी लागली तेव्हा ती मंडळी आली. नातू आता सहाचा. सकाळी थंडी होती, त्याने कानटोपी घातलेली. पायऱ्या त्याने माझ्या आधी चढून टाकल्या आणि वरून ओरडला, ‘आजी, सतरा कुठे?’ लेण्यांचे नंबर त्याला मराठीत येतात.

सतरा नंबरच्या व्हरांड्याच्या खांबांवर हत्ती आहेत, त्यांच्यावर माणसं बसलेली. त्याला आधी हत्ती बघायचे होते. ते बघून झाले. मग मी त्याला लेख दाखवला. अक्षरं उन्हात नीट दिसतात, सावलीत गायब होतात, त्यामुळे वाट बघावी लागली. मी बोट न टेकवता हवेत धरून वाचलं, ‘दा-ता-मि-ति’. तो म्हणाला, ‘हे मी?’ म्हटलं, ‘हे तुझ्या नावाचं गाव.’ ‘मग हा माणूस माझ्या गावचा?’ ‘तसाच काहीसा. त्यानं हे आपल्या आईबाबांसाठी केलं.’ त्यानं ते थोडा वेळ मनात घेतलं आणि विचारलं, ‘त्याची आजी?’ आजीचं नाव लेखात नाही, म्हटलं. त्याला ते पटलं नाही.

लेकीनं विहीणबाईंना व्हिडिओ कॉल लावला. तिकडे जेमतेम उजाडलेलं, त्या गाऊनवर शाल घेऊन स्वयंपाकघरात. फोन लेण्याकडे वळवला, हत्ती दाखवले, लेख दाखवला. त्यांना पोर दिसेना. त्या गॅलरीतून मारतात तशी हाक मारून बसल्या, ‘दिमित्री!’ फोनचा एवढासा आवाज, पण दगडी भिंतींत तो घुमला आणि पोर खदखदा हसलं. त्यानेही उत्तर म्हणून ‘याया!’ असं ओरडून पाहिलं. मग ‘आजी!’ मग ‘बाबा!’. घुमणारा आवाज हा त्याला सापडलेला नवा खेळ. नावं संपल्यावर तो माझ्याकडे वळला.

‘तुझ्या पापूंचं नाव काय होतं?’

मी सांगितलं.

तो लेण्याच्या आतल्या अंधाराकडे तोंड करून उभा राहिला, छाती भरून श्वास घेतला आणि ओरडला, ‘दत्तात्रय!’

आवाज आत गेला, भिंतीला लागून परत आला. खांबावरच्या हत्तीमागून दोन पारवे उडाले.

‘अजून एकदा,’ मी म्हटलं.